नोटाला सर्वाधिक मते पडली तरी निवडणूक रद्द होत नाही

‘नोटाला सगळ्यांत जास्त मते पडली की निवडणूक रद्द होते आणि त्या उमेदवारांपैकी कुणालाच पुन्हा उभे राहता येत नाही.’ चेन्नईत निवडणूक जाहीर झाली की हा निरोप तमिळ, इंग्रजी, हिंदी आणि मराठी गटांतून फिरायला लागतो. चांगली शिकलेली माणसे तो खात्रीने पुढे ढकलतात. काहीजण त्यावर विसंबून रांगेत उभे राहतात, ‘यांपैकी कुणीही नाही’ असे सांगणारे नोटाचे शेवटचे बटण दाबतात आणि आपण सगळ्यांना घरी पाठवले अशा समाधानात परततात. लोकसभा आणि विधानसभेच्या निवडणुकीपुरते हे विधान साफ खोटे आहे. त्यात ‘थोडेफार तथ्य’ही नाही.

नियम सरळ आहे. मतमोजणीत नोटाची मते वेगळी मोजतात, वेगळी जाहीर करतात, पण निकाल ठरतो तो उमेदवारांना मिळालेल्या मतांवर. समजा एक लाख लोकांनी मतदान केले, साठ हजारांनी नोटा दाबले आणि उरलेल्या चाळीस हजारांत पंधरा हजार मते घेऊन एकजण पहिला आला. तो आमदार झाला. निवडणूक आयोगाने ऑक्टोबर २०१३ मध्येच, म्हणजे नोटाचे बटण यंत्रावर येण्याआधी, हे लेखी स्पष्ट केले होते. अनामत रक्कम जप्त होण्याचा हिशेबही असाच. ती वाचवायला वैध मतांच्या एकषष्ठांशाहून जास्त मते लागतात, आणि या वैध मतांत नोटा धरत नाहीत. म्हणजे नोटा कुणाची अनामतही घालवू शकत नाही.

मग चेन्नईतच हा समज इतका घट्ट का? मला वाटते, त्याचे एक कारण आर. के. नगर. जयललितांच्या निधनाने रिकामी झालेली उत्तर चेन्नईतली ही जागा. १२ एप्रिल २०१७ ला पोटनिवडणूक होती. मतदानाला तीन दिवस उरले असताना निवडणूक आयोगाने ती रद्द केली. आयकर खात्याच्या छाप्यांत मतदारांना वाटायच्या पैशांचा हिशेब मांडलेली कागदपत्रे सापडली होती आणि रक्कम कोट्यवधींत होती. निवडणूक रद्द होऊ शकते हे शहराने डोळ्यांनी पाहिले. पण ती कुणी आणि कशासाठी रद्द केली, हा तपशील लोकांच्या आठवणीतून गळून गेला. रद्द केली ती आयोगाने, राज्यघटनेच्या ३२४ व्या कलमाच्या आधारे, पैसेवाटपामुळे. मतदारांच्या नापसंतीमुळे नव्हे. २०१६ मध्ये तंजावर आणि अरवकुरिची विधानसभेच्या निवडणुका याच कारणाने आधी पुढे ढकलल्या आणि मग रद्द झाल्या. २०१९ मध्ये वेल्लूर लोकसभेची निवडणूकही पैशांमुळेच रद्द झाली, त्या वेळी आयोगाच्या शिफारशीवरून राष्ट्रपतींच्या आदेशाने.

आर. के. नगरची निवडणूक अखेर २१ डिसेंबर २०१७ ला झाली. अपक्ष टी. टी. व्ही. दिनकरन ४०,७०७ मतांनी जिंकले. नोटाला २,३७३ मते पडली आणि भाजपच्या उमेदवाराला १,४१७. त्या आठवड्यात ‘नोटाने राष्ट्रीय पक्षाला हरवले’ असे मथळे गाजले. बातमी म्हणून ते रंजक होते, पण त्या २,३७३ मतांनी निकालात तसूभर फरक पडला नाही.

महाराष्ट्रातली उदाहरणे तर याहून मोठी आहेत. २०१९ च्या विधानसभेत लातूर ग्रामीणमध्ये नोटा दुसऱ्या क्रमांकावर होता, २७,५०० मते घेऊन. पलूस-कडेगावमध्येही दुसरा नोटाच. नोव्हेंबर २०२२ च्या अंधेरी पूर्व पोटनिवडणुकीत ऋतुजा लटके यांच्याखालोखाल नोटाला १२,८०६ मते होती. महाराष्ट्राबाहेर, २०२४ मध्ये इंदूर लोकसभा मतदारसंघात काँग्रेसच्या उमेदवाराने अर्ज मागे घेतल्यावर २,१८,६७४ जणांनी नोटा दाबले. तरी तिथला विजयी उमेदवार दहा लाखांहून जास्त मताधिक्याने संसदेत गेला.

मराठी वाचकाच्या गोंधळाला मात्र आणखी एक कारण आहे, आणि ते समजून घेण्यासारखे आहे. नोव्हेंबर २०१८ मध्ये महाराष्ट्र राज्य निवडणूक आयोगाने आदेश काढला की नोटाला सर्वाधिक मते पडल्यास त्या जागेची निवडणूक पुन्हा घ्यावी. हे खरे आहे. पण राज्य निवडणूक आयोग वेगळा आणि भारत निवडणूक आयोग वेगळा. पहिल्याकडे महापालिका, नगरपालिका, ग्रामपंचायती येतात आणि दुसऱ्याकडे लोकसभा-विधानसभा. उमेदवारांवर बंदी घालण्याची तरतूद महाराष्ट्राच्या त्या आदेशात नव्हती. ती हरियाणाच्या राज्य आयोगाने त्याच महिन्यात, आपल्या स्थानिक निवडणुकांपुरती आणली. दोन राज्यांचे दोन आदेश एकत्र कालवून कुणीतरी देशभराचा नियम तयार केला आणि तो तमिळनाडूत पाठवला. तिथली स्थिती तर उलटी आहे. फेब्रुवारी २०२२ मध्ये चेन्नई महापालिकेची निवडणूक झाली तेव्हा मतयंत्रावर नोटाचे बटणच नव्हते!

अफवा जुनीच आहे, नाव तेवढे बदलले. नोटाच्या आधी ‘४९-ओ’ होते. १९६१ च्या निवडणूक नियमांतला हा नियम तमिळनाडूत इतका चर्चेत होता की अभिनेते गौंडमणी यांचा ‘४९-ओ’ नावाचा चित्रपटही २०१५ मध्ये आला. त्या नियमानुसार मत द्यायचे नसेल तर मतदाराने केंद्राध्यक्षांना तसे सांगायचे, नोंदवहीत शेरा पडायचा, खाली सही करायची. मतदान गुप्त राहत नसे. गावात कुणी सगळ्यांना नाकारले हे खोलीतल्या प्रत्येक पक्षाच्या प्रतिनिधीला कळत असे. तेव्हाही ‘विजयाच्या फरकापेक्षा ४९-ओ जास्त झाले तर निवडणूक रद्द’ असे ईमेल फिरत होते. तेही खोटेच होते.

पीयूसीएल या नागरी हक्क संघटनेच्या याचिकेवर २७ सप्टेंबर २०१३ ला सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला आणि त्यातून नोटा आला. तमिळनाडूतून आलेले सरन्यायाधीश पी. सदाशिवम, न्या. रंजना देसाई आणि न्या. रंजन गोगोई यांचे ते पीठ होते. नाकारणाऱ्यालाही गुप्ततेचा हक्क आहे, हा त्या निकालाचा गाभा. निवडणूक रद्द करण्याचा अधिकार न्यायालयाने दिला नाही. पण तेवढ्यावरून मी नोटाला कुचकामी म्हणणार नाही. भीती न बाळगता ‘यातला कुणीही नको’ म्हणता येणे ही ४९-ओच्या तुलनेत मोठी सुधारणा आहे. पण जी ताकद त्यात नाही ती आहे असे सांगणे म्हणजे मतदाराची फसवणूक आहे, आणि ती थांबली पाहिजे.

‘परदेशात असा अधिकार असतो’ हेही सर्रास ऐकू येते. अमेरिकेतल्या नेवाडा राज्यात ‘यांपैकी एकही उमेदवार नाही’ हा पर्याय १९७० च्या दशकापासून राज्यव्यापी निवडणुकांत आहे. २०१४ च्या मध्यावधी वर्षी गव्हर्नरपदासाठीच्या डेमोक्रॅटिक प्राथमिक फेरीत सर्वाधिक मते याच पर्यायाला पडली. तरी उमेदवारी दुसऱ्या क्रमांकाच्या माणसाला मिळाली, कारण तिथेही हा पर्याय कुणाला हरवू शकत नाही. नेवाडाच्या मतदाराच्या हाती खरी ताकद वेगळीच आहे. सार्वत्रिक निवडणुकीच्या मतपत्रिकेवर कायद्याचे आणि राज्यघटना दुरुस्तीचे प्रश्न असतात आणि त्यांवरचा कौल बंधनकारक असतो. मतदारांनी स्वतः सुचवलेली घटनादुरुस्ती मात्र तिथे लागोपाठ दोन सार्वत्रिक निवडणुकांत मंजूर व्हावी लागते. निवडणूक पद्धत बदलण्याचा असा एक प्रस्ताव २०२२ मध्ये मंजूर झाला आणि २०२४ मध्ये फेटाळला गेला.

भारतात असा थेट कौल नित्याची गोष्ट नाही. मराठी माणसाला ठाऊक असलेले उदाहरण गोव्याचे, १६ जानेवारी १९६७ चे. महाराष्ट्रात विलीन व्हायचे की केंद्रशासित राहायचे? विलीनीकरणाच्या बाजूने १,३८,१७० मते पडली, विरोधात १,७२,१९१. त्यासाठी संसदेला १९६६ मध्ये खास कायदा करावा लागला होता. नोटाला दात द्यायचे असतील तरी वाट तीच, नियम किंवा कायदा बदलण्याची. तशी मागणी करणारी लेखक शिव खेरा यांची याचिका सर्वोच्च न्यायालयात आली आणि एप्रिल २०२४ मध्ये न्यायालयाने तिच्यावर निवडणूक आयोगाला नोटीस काढली. मागणी झाली म्हणजे नियम झाला असे नाही.

राहिलेल्या समजुती थोडक्यात. ‘एकच उमेदवार असेल तर त्याची लढत नोटाशी होते’ हे चूक आहे. तिथे मतदानच होत नाही. २०२४ मध्ये सुरतचे खासदार तसेच बिनविरोध निवडून आले. ‘राज्यसभेतही नोटा असतो’ हेही चूक. ऑगस्ट २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तिथला नोटा काढून टाकला.

‘४९-पी’चा बोलबाला ‘सरकार’ या अभिनेता विजयच्या चित्रपटाने २०१८ च्या दिवाळीत केला, आणि तो नियम खरा आहे. आपल्या नावावर आधीच कुणी मत टाकून गेले असेल तर ओळख पटवून प्रदत्त मत मागता येते. ते कागदी मतपत्रिकेवर घेतात आणि पाकिटात बंद ठेवतात. नेहमीच्या मोजणीत ते धरत नाहीत. मात्र ‘एखाद्या केंद्रावर १४ टक्क्यांहून जास्त प्रदत्त मते झाली की फेरमतदान’ ही बनावट ओळ आहे, असा कोणताही नियम नाही. ‘यादीत नाव नसले तरी आधार दाखवून मत देता येते’ ही तर सर्वांत घातक, कारण ती ऐकून माणूस यादी तपासतच नाही. नाव नसेल तर मत नाही. ते घालायचा अर्ज नमुना ६ चा, आणि तो उमेदवारी अर्जांची मुदत संपण्याच्या बराच आधी द्यावा लागतो.