कागदावर संपवलेले सिनाइक्स्ट

कोलंबिया नदीच्या कॅनडासोबतच्या जुन्या कराराच्या फेरआखणीची बोलणी अमेरिकेने २०२५ मध्ये थांबवली, तेव्हा चर्चा झाली ती वीज, पूर आणि आयातशुल्काची. या नदीकाठच्या मूळ रहिवाशांपैकी एका जमातीला कॅनडाने १९५६ मध्येच नामशेष ठरवलं होतं, याची आठवण क्वचितच कुणी काढली.

ही जमात म्हणजे ॲरो सरोवरांच्या काठचे सिनाइक्स्ट. ब्रिटन आणि अमेरिकेने १८४६ मध्ये ४९व्या अक्षांशावर सीमा आखली, ती त्यांच्या मुलखाच्या आरपार गेली. मोठा भाग उत्तरेला राहिला. पण गोऱ्यांच्या वस्त्या वाढल्या तशी बहुतेक माणसं दक्षिणेकडे, वॉशिंग्टनमधल्या कॉलव्हिल राखीव क्षेत्राकडे ढकलली गेली. मग १८९६ मध्ये कॅनडाच्या ब्रिटिश कोलंबिया प्रांताने प्रांताबाहेरच्या आदिवासींना शिकारबंदी केली. आधी घरातून हुसकायचं आणि मग परके म्हणून अडवायचं, असा हा कायदा. उत्तरेत उरलेल्या मूठभरांच्या सरकारी यादीतली शेवटची व्यक्ती, एक स्त्री, १९५३ मध्ये वारली. तीन वर्षांनी जमातच संपल्याचं जाहीर झालं. सीमेपलीकडे तिचे जातभाई नांदत होते, हे सरकारला ठाऊक नव्हतं असं कसं मानायचं?

आणि वेळ पाहा. १९६१ मध्ये कोलंबिया करारावर सह्या झाल्या. त्यानुसार १९६८ मध्ये ब्रिटिश कोलंबियातल्या कॅसलगारजवळ धरण उभं राहिलं, ॲरो सरोवरांचं पाणी चढलं, काठची गावं बुडाली. गोऱ्या धरणग्रस्तांना तोकडी का होईना, भरपाई मिळाली. सिनाइक्स्टांना विचारायचा प्रश्नच उरला नव्हता. हा निव्वळ योगायोग होता, हे मला पटत नाही.

हा कागद फाडायला निघाला कॉलव्हिलचा रिक डिसोटेल. ऑक्टोबर २०१० मध्ये त्याने सीमा ओलांडून कॅसलगारजवळ परवान्याशिवाय एल्क हरणाची मादी मारली आणि वन्यजीव अधिकाऱ्यांना स्वतःच कळवलं. गुन्हा दाखल व्हावा, म्हणजे कोर्टात विचारता येईल: आम्ही आहोत की नाही? २०१७ मध्ये तो निर्दोष सुटला. सरकार अपिलावर अपील करत राहिलं. अखेर २३ एप्रिल २०२१ रोजी कॅनडाच्या सर्वोच्च न्यायालयाने सात विरुद्ध दोन मतांनी निकाल दिला: सीमेपलीकडे राहणाऱ्या वंशजांनाही आदिवासींचे हक्क मान्य करणाऱ्या, राज्यघटनेच्या ३५व्या कलमाचं संरक्षण मिळू शकतं.

तरीही कोलंबियाच्या बोलण्यांत कॅनडाच्या बाजूने २०१९ पासून निरीक्षक म्हणून बसले ते तीन इतर आदिवासी राष्ट्रांचे प्रतिनिधी. बोलणी पुन्हा सुरू होतील तेव्हा चौथी खुर्ची सिनाइक्स्टांची हवी, आणि त्याआधी १९५६चा तो निर्णय सरकारने स्वतःहून, जाहीरपणे मागे घ्यायला हवा.