भिंतीपाशी बायकांचा आवाज

शिलोच्या देवस्थानात हन्ना नावाची एक बाई मूल मागायला आली होती. तिचे ओठ हलत होते, पण आवाज फुटत नव्हता. दाराशी बसलेल्या एली पुरोहिताला वाटलं, ही पिऊन आली आहे, आणि त्याने तिला झापलं. तिने शांतपणे सांगितलं की आपण दारूला शिवलेलोही नाही, मनातलं दुःख देवापुढे मोकळं करतो आहोत. बायबलच्या जुन्या करारात, शमुवेलाच्या पहिल्या पुस्तकाच्या सुरुवातीलाच ही गोष्ट आहे. पुढे कितीतरी शतकांनी तालमूद या धर्मशास्त्राच्या ग्रंथातल्या रब्बींनी प्रार्थना कशी करावी याचे नियम बसवले, तेव्हा त्यांनी नमुना म्हणून निवडली ती हन्ना. मन एकाग्र असावं, शब्द ओठांनी उच्चारावेत, आवाज चढवू नये, प्यायलेल्याने प्रार्थनेला उभं राहू नये, हे सगळं तिच्या त्या एका प्रसंगावरून काढलेलं आहे. आजही कर्मठ ज्यू पुरुष दिवसातून तीनदा जी मुख्य प्रार्थना उभ्याने पुटपुटतो, ती या बाईच्या रीतीने.

मला ज्यू धर्मातली ही गोष्ट फार विलक्षण वाटते. ज्या परंपरेने प्रार्थना एका बाईकडून शिकून घेतली, त्याच परंपरेच्या सर्वांत पूज्य जागी, जेरुसलेमच्या पश्चिम भिंतीपाशी, ऑक्टोबर 2012 मध्ये अनात हॉफमन या बाईंना पोलिसांनी धरून नेलं. त्या इतर बायकांबरोबर मोठ्याने ‘शेमा’ म्हणत होत्या. ज्यू मूल पहिल्यांदा पाठ करतं आणि मरणाऱ्याच्या ओठांवर शेवटी असावी अशी जिची इच्छा धरली जाते, ती ही प्रार्थना. हे असं कसं झालं, हे समजून घ्यायचं तर आधी भिंतीकडे बघावं लागतं.

हिब्रूत तिला कोटेल म्हणतात. ती मंदिराची भिंत नव्हे. हेरोद राजाने इसवी सनापूर्वी 20 च्या सुमारास ज्यूंचं मंदिर नव्याने बांधायला घेतलं, तेव्हा टेकडीभोवती प्रचंड चौथरा उभारला. त्या चौथऱ्याची माती धरून ठेवणारी ही पश्चिमेकडची भिंत. तिची पूर्ण लांबी साधारण 488 मीटर आहे. त्यातला बराचसा भाग घरांच्या मागे आणि जमिनीखाली दडलेला आहे, आणि प्रार्थनेचं मोकळं अंगण जेमतेम साठ मीटरच्या आसपास. भिंतीलगतच्या बोगद्यात एकच दगड 13 मीटरहून लांब आहे. यंत्रं नसलेल्या काळात तो तिथवर कसा आणला असेल या विचाराने आजही अभियंते थबकतात. इसवी सन 70 मध्ये रोमन सैन्याने मंदिर जमीनदोस्त केलं. भिंत उरली, आणि शतकानुशतकं लोक तिच्याशी कपाळ टेकून रडत राहिले. दगडांच्या फटींत पाकोळ्या घरटी करतात, आणि माणसं चिठ्ठ्या खोचतात. वर्षातून दोनदा त्या चिठ्ठ्या काढून ऑलिव्ह पर्वतावर पुरतात. देवाला लिहिलेला कागद कचऱ्यात जात नाही.

आज तिथे गेलं की अंगणाच्या मधोमध आडोसा दिसतो. एका बाजूला पुरुष, दुसऱ्या बाजूला बायका, आणि पुरुषांचा भाग कितीतरी मोठा. मुलाची बार मित्झ्वा, म्हणजे तेराव्या वर्षी तोराचं, म्हणजे धर्मग्रंथाच्या गुंडाळीचं, पहिलं वाचन, पुरुषांच्या बाजूला चालू असते. आई, आजी, मावश्या प्लॅस्टिकच्या खुर्च्यांवर चढून, टाचा उंचावून, आडोशावरून डोकावत असतात. वाचन संपलं की त्या पलीकडे गोळ्या आणि टॉफ्या उधळतात. त्यांच्या तोंडावरचा आनंद खरा आहे, यात शंका नाही. पण मुलाच्या आयुष्यातला मोठा क्षण आईने खुर्चीवर चढून बघायचा, हे पाहिल्यावर माझ्या मनात पहिला प्रश्न येतो तो हा की ही व्यवस्था किती जुनी आहे.

उत्तर चकित करणारं आहे. आताचा आडोसा 1967 चा. त्याआधी भिंतीपुढे अंगण नव्हतंच, होती एक अरुंद गल्ली, आणि तिला लागून मोरोक्कन वंशाच्या मुस्लिम कुटुंबांची वस्ती. जून 1967 च्या युद्धात इस्रायलने जुनं शहर घेतलं आणि काही दिवसांतच शंभराहून जास्त घरांची ती वस्ती पाडून हे अंगण मोकळं केलं. त्या घरांतल्या माणसांना सामान बांधायला पुरेसा वेळही मिळाला नाही. भिंतीची कोणतीही गोष्ट सांगताना त्यांची आठवण गाळून पुढे जाऊ नये असं मला वाटतं. अंगणाचा ताबा धर्मखात्याकडे गेला आणि सिनेगॉगमध्ये असतो तसा आडोसा इथे उभा राहिला.

एकोणिसाव्या शतकाच्या शेवटच्या आणि विसाव्याच्या सुरुवातीच्या छायाचित्रांत मात्र त्या गल्लीत बायका आणि पुरुष एकाच भिंतीला लगटून उभे आहेत. डोक्यावरून चादर घेतलेल्या बायका, लांब अंगरख्यातले म्हातारे, मध्ये पडदा नाही. ही छायाचित्रं बायकांच्या बाजूने हमखास पुढे केली जातात. पण इथे घाई करू नये. उस्मानी सरकारने तिथे खुर्च्या, पडदे, कसलीच नवी वस्तू ठेवायला मनाई केली होती, कारण एक बाक ठेवला तरी मालकी हक्काचा वाद पेटायचा. 1928 मध्ये, ब्रिटिश राजवटीत, योम किप्पुरच्या, म्हणजे प्रायश्चित्ताच्या दिवसाच्या, आदल्या संध्याकाळी काहींनी पडदा लावला. मुस्लिम बाजूने तक्रार झाली आणि दुसऱ्या दिवशी ब्रिटिश पोलिसांनी भर प्रार्थनेत तो उखडून काढला. जगभरचे ज्यू खवळले, आणि त्यातून तापलेलं वातावरण 1929 च्या भीषण दंगलींपर्यंत गेलं. म्हणजे कर्मठ लोक म्हणतात की पडदा नव्हता तो आमच्या मर्जीने नव्हे, आणि त्यांच्या म्हणण्यात तथ्य आहे. तरीही एवढं खरंच उरतं की कित्येक पिढ्यांनी त्या भिंतीपाशी आडोशाशिवाय देवाला हाक मारली, आणि त्यांची प्रार्थना कमी पडली असं तेव्हा कुणी म्हटलं नाही.

शास्त्र काय सांगतं, तर ते बायकांना बऱ्याच बाबतींत सूट देतं. ठरावीक वेळी करायची जी धर्मकर्तव्यं आहेत, ती त्यांच्यावर बंधनकारक नाहीत, असं तालमूदचा मूळ भाग असलेली मिश्ना सांगते. सूट आहे म्हणजे मनाई आहे का, यावर रब्बींनी शतकानुशतकं खल केला. तालमूदमध्येच नोंद आहे की शौल राजाची मुलगी मीखल हातावर आणि कपाळावर तेफिलिनच्या चामडी डब्या बांधत असे, आणि पंडितांनी तिला हटकलं नाही. आणखी एके ठिकाणी म्हटलं आहे की शब्बाथला तोरा वाचायला बोलावलेल्या सात जणांत बाईही चालते. मग लगेच पुढे येतं की समाजाच्या मानासाठी तिने वाचू नये. दार उघडलेलं आणि त्याच क्षणी लोटून घेतलेलं, दोन्ही एकाच परिच्छेदात. 1988 पासूनचा सगळा झगडा त्या दाराच्या फटीत उभा आहे.

1 डिसेंबर 1988. ज्यू स्त्रीवाद्यांची एक आंतरराष्ट्रीय परिषद जेरुसलेममध्ये भरली होती. तिथल्या सत्तरएक बायका सकाळी तोराची गुंडाळी घेऊन बायकांच्या भागात गेल्या. कल्पना रिव्हका हाउट या कर्मठ पंथातल्या बाईंची. छोटं घडीचं टेबल मांडलं, गुंडाळी उघडली आणि वाचायला सुरुवात केली. पलीकडून शिव्याशाप सुरू झाले, काही बायकाही धावून आल्या. आत उभ्या असलेल्यांमध्ये ऑर्थोडॉक्स, कॉन्झर्व्हेटिव्ह, रिफॉर्म अशा सगळ्या पंथांच्या बायका होत्या, ज्या एरवी एका सिनेगॉगात बसल्या नसत्या. म्हणून त्यांनी एक पथ्य पाळलं. दहा पुरुषांचा कोरम असेल तरच म्हणायच्या प्रार्थना त्यांनी गाळल्या, म्हणजे ऑर्थोडॉक्स बहिणींचं शास्त्र मोडणार नाही. लढ्याची सुरुवात एकमेकींसाठी आपापला हट्ट थोडा सोडण्यातून झाली, हे मला त्या सकाळचं सर्वांत मोठं धैर्य वाटतं.

यातून ‘विमेन ऑफ द वॉल’ हा गट उभा राहिला; सुरुवातीला उल्लेख आला त्या अनात हॉफमन याच गटातल्या. दर महिन्याला अमावास्येनंतर नवी चंद्रकोर येते तेव्हा, म्हणजे रोश होदेशला, त्या भिंतीशी जमू लागल्या. दिवसाची निवडही जुन्या श्रद्धेतूनच केलेली. सोन्याच्या वासराची मूर्ती घडवायला बायकांनी आपले दागिने दिले नाहीत, म्हणून हा दिवस त्यांना सणासारखा मिळाला, अशी कथा आहे. पण 1989 च्या मार्चमध्ये त्यांच्यावर खुर्च्या भिरकावल्या गेल्या आणि पोलिसांना अश्रुधूर सोडावा लागला. त्या कोर्टात गेल्या. वर्षअखेरीस सरकारने नियम काढला: त्या जागेच्या रिवाजाला सोडून असलेला, इतर भाविकांच्या भावना दुखावणारा कुठलाही विधी केला तर सहा महिन्यांपर्यंत कैद.

रिवाज कोणता, हे मात्र नियमात लिहिलेलं नव्हतं. निर्णय पुढे ढकलत, समित्या नेमत वर्षं गेली. मे 2000 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बायकांच्या बाजूने कौल दिला. सरकारने फेरविचार मागितला आणि एप्रिल 2003 मध्ये नऊ न्यायाधीशांनी पाच विरुद्ध चार अशा मताने तो फिरवला: या बायकांनी शेजारच्या रॉबिन्सन कमानीपाशी प्रार्थना करावी, सरकारने ती जागा तयार करून द्यावी.

मधल्या काळात पोलिसांची नजर खांद्यांवर असे. तल्लित ही प्रार्थनेची शाल. तिच्या चारही कोपऱ्यांना गाठी मारलेले धाग्यांचे गोंडे असतात आणि त्या गोंड्यांमुळेच ती तल्लित ठरते. बाईने रंगीत तल्लित गळ्याभोवती स्कार्फसारखी गुंडाळली तर चालायचं. तीच उघडून पुरुषासारखी पाठीवर घेतली की ताब्यात. कापड तेच, धागे तेच. नोव्हेंबर 2009 मध्ये वैद्यकीय शिक्षण घेणाऱ्या एका तरुणीला तल्लित घेऊन तोरा हाती धरल्याबद्दल पोलिसांनी नेलं. 2010 मध्ये तोरा हातात होती म्हणून हॉफमनबाईंना धरलं होतंच.

मग एप्रिल 2013 मध्ये जेरुसलेमच्या जिल्हा न्यायालयाचे न्यायाधीश मोशे सोबेल यांनी सगळं उलटं केलं. त्या जागेचा रिवाज म्हणजे फक्त ऑर्थोडॉक्सांचा रिवाज नव्हे, आणि वर्षानुवर्षं दर महिन्याला येणाऱ्या या बायकांची प्रार्थना शांतता बिघडवणारा गुन्हा ठरत नाही, असा त्यांच्या निकालाचा आशय. केवळ न चुकता येत राहिल्याने त्या स्वतः त्या जागेच्या रिवाजाचा भाग झाल्या होत्या! पुढच्याच महिन्यात हजारो कर्मठ शाळकरी मुलींनी पहाटेपासून बायकांचा भाग भरून टाकला, आणि कालपर्यंत या बायकांना अटक करणाऱ्या पोलिसांनी त्या दिवशी त्यांच्याभोवती साखळी केली.

शाल सुटली, तोरा अडकली. एका तोरात 3,04,805 अक्षरं असतात, कातड्यावर पिसाच्या लेखणीने हाताने लिहिलेली, आणि वाचताना त्यांना बोट लावत नाहीत. भिंतीची देखरेख करणाऱ्या रब्बींनी बाहेरून तोरा आणण्यावर बंदी घातली. पुरुषांच्या बाजूला कपाटांत कितीतरी गुंडाळ्या आहेत, पण त्यातली एकही बायकांना मिळत नाही. 2014 मध्ये अगदी लहानशी जुनी गुंडाळी लपवून आत नेली गेली आणि बारा वर्षांच्या एका मुलीने भिंग धरून त्यातली बारीक अक्षरं वाचली, भर बायकांच्या भागात.

यात आपल्याकडचाही एक धागा आहे, आणि तो बायकांच्या हातचा आहे. लंडनमध्ये लिली माँटेग्यू या ज्यू बाईंनी 1918 मध्ये सिनेगॉगच्या व्यासपीठावरून प्रवचन दिलं. त्या काळी ते अघटितच होतं. तिथे डॉक्टरी शिकायला गेलेल्या बेने इस्राएल या मराठी ज्यू समाजातल्या तरुणी जेरूशा झिराड त्यांच्या विचारांनी भारावल्या. परत आल्यावर त्यांनी 1925 मध्ये मुंबईत ज्यूइश रिलिजस युनियन उभी केली. कोकणात तेलाचे घाणे चालवत, शनिवारी काम बंद ठेवत ज्यांनी आपला धर्म जपला, त्या समाजातल्या एका बाईने कोटेलच्या लढ्याच्या साठ वर्षं आधी उदार ज्यू प्रार्थनेचं बीज मुंबईत रुजवलं. त्या कामा रुग्णालयाच्या प्रमुख झाल्या, 1966 मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. त्यांचं डॉक्टरी काम बऱ्याच जणांना ठाऊक आहे, धर्मातलं काम फारच थोड्यांना, याची मला खंत वाटते.

आता पुन्हा जेरुसलेमकडे. न्यायालयाने देऊ केलेली रॉबिन्सन कमानीची जागा म्हणजे अंगणाच्या दक्षिणेला तीच भिंत. 1838 मध्ये एडवर्ड रॉबिन्सन या अमेरिकन अभ्यासकाला भिंतीतून बाहेर आलेले दगड दिसले, ती एका पडलेल्या भव्य कमानीची सुरुवात होती. खाली इसवी सन 70 मध्ये कोसळलेल्या शिळा अजून त्या काळच्या फरसबंदीवर तशाच पडून आहेत. इथेच भिंतीच्या पायाखाली रोमन सुभेदाराची नाणी सापडली, इसवी सन 17-18 च्या सुमारास पाडलेली. म्हणजे हेरोद वारल्यावर वीस वर्षांनीही हे बांधकाम चालूच होतं. दगड तितकेच जुने, तितकेच पूज्य.

31 जानेवारी 2016 ला इस्रायलच्या मंत्रिमंडळाने 15 विरुद्ध 5 मतांनी ठरवलं की इथे मोठं, स्त्री-पुरुषांना एकत्र प्रार्थना करता येईल असं अंगण करायचं, मुख्य प्रवेशातूनच त्याची वाट असेल आणि व्यवस्थेत बायकांनाही वाटा असेल. कर्मठ पक्षांच्या दबावाखाली जून 2017 मध्ये हा निर्णय गोठवला गेला.

2016 च्या या तडजोडीवरून बायकांमध्येच फूट पडली होती. गटातल्या बहुतेकींनी ती मान्य केली. सुरुवातीपासूनच्या काहीजणी मात्र वेगळ्या झाल्या. त्यांचं म्हणणं, आम्हाला स्त्री-पुरुष एकत्र प्रार्थना मागायचीच नव्हती. आम्ही मागितला तो बायकांचा भाग, जिथे आमच्या आज्या उभ्या राहिल्या. तोरा आणि तल्लित घेऊन, मोठ्या आवाजात. तो सोडून शंभर पावलांवर सरकलो, तर ती जागा फक्त एकाच रिवाजाची आहे असं आम्हीच लिहून दिल्यासारखं होईल. मला त्यांचं म्हणणं जास्त पटतं. जानेवारी 2017 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सरकारला विचारलं की बायकांच्या भागात बायकांनी तोरा का वाचू नये, याचं कारण द्या. आणि आत येताना त्यांची अंगझडती घेऊ नका असंही बजावलं. महिन्याच्या पहिल्या दिवशी सकाळी त्या बायका अजूनही तिथे येतात, आणि तोरा आत कशी न्यायची हा प्रश्न दर वेळी नव्याने सोडवतात.