परिचारिकांचं जग (लेखांक ६) : सोळा मिनिटांची शुश्रूषा

गेल्या आठवड्यात रात्रपाळी आणि झोपेविषयी पाहिलं. आता थकव्यावर सुचवल्या जाणाऱ्या उपायांकडे वळू. १२ मेचा परिचारिका दिन जवळ आला की रुग्णालयांतून तणावमुक्तीची शिबिरं भरतात. प्राणायाम, ‘स्वतःसाठी वेळ काढा’ असं व्याख्यान, हाती गुलाबाचं फूल. (बऱ्याचदा तेही ड्युटी संपल्यावर!) त्यात वाईट काही नाही, पण कमतरता सिस्टरच्या मनोबलात आहे असं त्यात गृहीत धरलेलं असतं. जागतिक आरोग्य संघटनेनं मात्र २०१९ मध्ये बर्नआउटची नोंद आजार म्हणून न करता कामाशी निगडित स्थिती म्हणून केली. गळून जाणं, कामाविषयी तुटलेपणा आणि हातून काही धड होत नाही ही भावना, ही तिची लक्षणं. कारण दिलं आहे ते कामाच्या ठिकाणच्या सततच्या ताणाचं.

साधा हिशेब मांडू. आठ तासांची ड्युटी म्हणजे ४८० मिनिटं. तीस रुग्णांना एकच सिस्टर असेल तर प्रत्येकाच्या वाट्याला सोळा मिनिटं येतात. त्यातच बीपी-ताप बघायचा, इन्शुलिनआधी साखर तपासायची, अँटिबायोटिक द्यायचं, सलाईनवर लक्ष ठेवायचं, फाइल लिहायची, नातेवाइकांना उत्तरं द्यायची आणि शेवटी पुढच्या पाळीला ओव्हर द्यायचा. एक रुग्ण अत्यवस्थ झाला की उरलेल्या एकोणतीस जणांची मिनिटं त्याच्याकडे जातात. भारतीय परिचर्या परिषदेचा निकष सर्वसाधारण रुग्णालयात पाच रुग्णांमागे एक परिचारिका, शिवाय रजेसाठी तीस टक्के जादा, असा आहे. तो प्रत्येक पाळीत पाळला तर सोळाची शहाण्णव मिनिटं होतात. काय करायला हवं ते पक्कं ठाऊक आहे आणि ते करायला वेळ नाही, हे रोज सोसणाऱ्या बाईला दीर्घ श्वास घ्यायला सांगून काय होणार?

संशोधक लिंडा एकन यांनी अमेरिकेतल्या पेनसिल्व्हेनियामधल्या १६८ रुग्णालयांचा अभ्यास २००२ मध्ये प्रसिद्ध केला. नर्समागे एक रुग्ण वाढला की बर्नआउटची शक्यता २३ टक्क्यांनी आणि शस्त्रक्रियेच्या रुग्णाच्या मृत्यूची ७ टक्क्यांनी वाढलेली दिसली. यावर आक्षेप असा की ही नुसती सांगड आहे. ज्या रुग्णालयात नर्स कमी, तिथं बाकीचंही ढिसाळ असणार. आक्षेप रास्त आहे. त्याचं उत्तर ऑस्ट्रेलियातल्या क्वीन्सलँडनं दिलं. तिथं २०१६ मध्ये काही सरकारी रुग्णालयांत दिवसा चार आणि रात्री सात रुग्णांमागे सरासरी एक नर्स बंधनकारक झाली, बाकीच्यांत नाही. दोहोंची आधीची आणि नंतरची तुलना २०२१ मध्ये ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात आली, तेव्हा नियम लागू झालेल्या रुग्णालयांत मृत्यूचं प्रमाण घटलेलं दिसलं. ‘पैसा कुठून आणायचा?’ या दुसऱ्या आक्षेपालाही तिथंच उत्तर आहे. रुग्ण लवकर घरी गेले, परत दाखल होण्याचं प्रमाण इतर रुग्णालयांसारखं वाढलं नाही आणि वाचलेला खर्च जादा नर्सच्या खर्चाच्या दुपटीहून अधिक भरला. आपल्याकडचा खर्च आणि पगार वेगळे, म्हणून ते आकडे जसेच्या तसे इथं लागू होणार नाहीत. दिशा मात्र तीच राहील.

तरीही शिबिरं बंद करा असं म्हणणं नाही. डोळ्यांदेखत रुग्ण दगावल्यावर सिस्टरला समुपदेशकाची गरज असतेच, फक्त ती ड्युटीच्या वेळेत भागायला हवी. आणि तुम्ही नातेवाईक म्हणून वॉर्डात जाल तेव्हा सिस्टर तुसडेपणानं बोलली अशी तक्रार करण्याआधी एक विचारा : या पाळीला किती रुग्णांमागे किती सिस्टर आहेत? हा प्रश्न मात्र तिला नको, अधीक्षकांना विचारा.