जमिनीत बिळं करणाऱ्या छोट्या काळ्या माश्या नेमक्या कोण? रॉकेल ओतण्याआधी एवढं ओळखून घ्या

अंगणाच्या कोपऱ्यात किंवा शेताच्या बांधावर अचानक मातीच्या छोट्या छोट्या ढिगल्या दिसायला लागतात. प्रत्येक ढिगलीच्या मधोमध पेन्सिल जेमतेम जाईल एवढं भोक. त्यातून मुंगीपेक्षा थोडी मोठी, काळी, पंख असलेली माशी बाहेर येते आणि भुर्रकन उडून जाते.

अशा वेळी बहुतेक घरांत एकच उपाय सुचतो. भोकात रॉकेल, फिनाईल नाहीतर उकळतं पाणी ओतायचं आणि वरून माती दाबून टाकायची. आग्या मोहोळाच्या हल्ल्याच्या बातम्या वाचलेल्या असतात, त्यामुळे ही भीती समजण्यासारखी आहे. पण या भोकांत मोहोळ नसतं. तिथे एकट्या राहणाऱ्या मधमाश्या असतात आणि गोंदियासारख्या भाताच्या जिल्ह्यात त्यांना घर करायला फार थोड्या जागा उरतात.

एकटी मधमाशी म्हणजे काय?

मधमाशी म्हटलं की राणी, कामकरी माश्या, पोळं आणि मध हेच चित्र डोळ्यांसमोर येतं. प्रत्यक्षात जगात मधमाश्यांच्या २०,००० हून अधिक जाती नोंदवल्या गेल्या आहेत. पोळं बांधून मध साठवणाऱ्या जाती त्यात अगदी मोजक्या. बाकी बहुतेक जातींमध्ये प्रत्येक मादी स्वतःचं घर स्वतः करते. सुमारे ७० टक्के जाती हे घर जमिनीत करतात.

मादी बारीक बोगदा खणते आणि आत छोट्या खोल्या करते. खोलीच्या भिंतींना ती शरीरातून निघणाऱ्या स्रावाचा पातळ थर देते, त्यामुळे ओल आत शिरत नाही. मग परागकण आणि मकरंद मळून गोळा तयार करते, त्यावर एक अंडं घालते आणि खोली बंद करते. अळी तो गोळा खाऊन वाढते. म्हणजे आत मधाचा साठा नाही, राणी नाही आणि राखण करणारी फौजही नाही.

एका जागी वीस-पंचवीस भोकं दिसली तरी ती एकच वसाहत असेल असं नाही. चाळीत जशी शेजारी शेजारी पण वेगवेगळी बिऱ्हाडं असतात, तसाच बहुधा हा प्रकार असतो.

आधी हे बघा: ती मधमाशीच आहे का?

जमिनीत भोक करणारे कीटक बरेच आहेत. त्यामुळे पहिली पायरी ही.

मुंग्या: भोकातून ये-जा करणाऱ्यांची रांग दिसते आणि त्यातल्या बहुतेकींना पंख नसतात. एकट्या मधमाशीच्या भोकातून एका वेळी सहसा एकच माशी येते-जाते.

साधी माशी: हिला पंखांची एकच जोडी असते. डोळे मोठे आणि मिशा अगदी आखूड असतात. मधमाशीला पंखांच्या दोन जोड्या असतात आणि मिशा लांब, कोपरात वाकवल्यासारख्या दिसतात.

गांधीलमाशीचे जमीन खणणारे भाऊबंद: कंबर बारीक, अंग गुळगुळीत. बिळात जाताना तोंडात किंवा पायात अळी, कोळी किंवा नाकतोडा पकडलेला असतो. मधमाशी शिकार करत नाही. तिच्या मागच्या पायांवर किंवा पोटाखाली पिवळी-पांढरी पूड दिसते, ते परागकण. ही खूण दिसली की शंका उरत नाही.

मग काळ्या मधमाश्यांमधला फरक कसा कळणार?

इथे घर कुठे आहे ते आधी बघायचं, रंग नंतर.

झाडाच्या ढोलीत किंवा भिंतीच्या फटीत मेण-डिंकाची नळी बाहेर आली असेल आणि तिच्या तोंडाशी तीन-चार मिलिमीटरच्या काळ्या माश्यांची गर्दी असेल, तर ती डंखहीन मधमाशी. ती एकटी नसते, मोठ्या कुटुंबात राहते.

वाळलेल्या पोकळ काडीत घर करणारी, काळी किंवा हिरवट चकाकणारी, चेहऱ्यावर फिकट पिवळी खूण असलेली माशी बहुधा सेराटिना. भुंग्याची ही छोटी बहीण.

काळी, जवळपास केसच नसलेली, चेहऱ्यावर पिवळे ठिपके आणि पायांवर परागकण अजिबात नाहीत, अशी माशी हायलियस असू शकते. ती परागकण गिळून घरी नेते आणि तीही बहुधा काडीतच राहते.

घर जमिनीत, अंग काळं, पोटावर फिकट केसांचे पट्टे आणि मागचे पाय परागकणांनी भरलेले, असं सगळं जुळलं तर दोन मुख्य कुलं उरतात: अँड्रेनिडी आणि हॅलिक्टिडी.

मोबाईल अ‍ॅप ‘अँड्रेना’ म्हणालं तर?

इंटरनेटवर ‘मायनिंग बी’ शोधलं की अँड्रेना या प्रजातीचे फोटो येतात. तिच्यात १,५०० हून अधिक जाती आहेत. पण त्यांचा मुख्य पसारा उत्तर गोलार्धाच्या थंड आणि समशीतोष्ण भागांत आहे. भारतात त्या प्रामुख्याने हिमालयात आणि उत्तरेकडे आढळतात. फोटोवरून ओळख सांगणाऱ्या अ‍ॅपकडे युरोप-अमेरिकेतले फोटो जास्त असतात, त्यामुळे उत्तरही तिकडे झुकू शकतं.

गोंदियातल्या बांधावर बिळं करणारी छोटी काळी माशी हॅलिक्टिडी कुलातली असण्याची शक्यता जास्त. याच कुलात लॅसिओग्लॉसम ही प्रजाती येते. तिच्यात १,७०० हून अधिक जाती आहेत आणि अनेक जाती छोट्या, काळपट, एकमेकींसारख्या दिसतात. नोमिया आणि तिच्या जवळच्या प्रजातीही याच कुलातल्या. त्यांच्यापैकी काहींच्या पोटावर मोत्यासारखे चमकणारे पट्टे असतात.

पक्की ओळख भिंगाखालीच पटते. अँड्रेना मादीच्या डोळ्यांच्या आतल्या कडेला मखमली केसांचा खोलगट पट्टा असतो. हॅलिक्टिडीमध्ये पुढच्या पंखातली एक शीर धनुष्यासारखी ठळक वाकलेली असते. लॅसिओग्लॉसमच्या मादीत पंखाच्या टोकाकडच्या शिरा पुसट होत जातात आणि पोटाच्या शेवटी एक बारीक उभी खाच दिसते.

जातीपर्यंत पोहोचायचं तर नमुना तज्ज्ञाकडे जावा लागतो. भारतातल्या मधमाश्यांची पहिली मोठी मांडणी चार्ल्स थॉमस बिंगहॅम यांनी १८९७ मध्ये ‘फॉना ऑफ ब्रिटिश इंडिया’ मालिकेत केली. आज हे काम १९१६ मध्ये स्थापन झालेली भारतीय प्राणी सर्वेक्षण ही संस्था आणि विद्यापीठांतले अभ्यासक करतात. हल्ली डीएनएच्या एका ठरावीक तुकड्याची तुलना करूनही जाती वेगळ्या केल्या जातात. म्हणूनच फोटोवरून ‘हॅलिक्टिडी कुल’ एवढं उत्तर मिळालं तरी ते चांगलं उत्तर आहे. त्यापुढे अंदाजाने नाव लावण्यापेक्षा तिथेच थांबलेलं बरं.

गोंदियात हा प्रश्न महत्त्वाचा का?

गोंदिया हा धानाचा आणि तलावांचा जिल्हा. पावसाळ्यात बांध्यांमध्ये पाणी साचलेलं असतं, चिखलणी झालेली असते. जमिनीत राहणाऱ्या मधमाशीला तिथे घर करता येत नाही. तिला उरतात त्या उंचवट्याच्या कोरड्या जागा: शेताचे धुरे, मामा तलावांच्या पाळी, पायवाटांच्या कडा आणि घराचं अंगण. तणनाशकाची फवारणी, धुरे पेटवणं, जेसीबीने पाळ खरवडणं आणि अंगणात सिमेंट घालणं हे सगळं नेमकं याच जागांवर होतं.

धानाला कीटकांची गरज नसते, परागीभवन वाऱ्यावर आणि फुलातल्या फुलात होतं. पण परसातल्या भाजीपाल्याचं तसं नाही. काकडी, कारली, भोपळा यांच्या वेलावर नर आणि मादी फुलं वेगळी असतात. कीटकाने पराग नेला नाही तर फळ धरत नाही. वांग्याच्या फुलातले परागकण तर नळीत बंद असतात. फूल धरून अंग थरथरवलं की ते बाहेर पडतात. पोळ्यातल्या मधमाशीला ही कला येत नाही, नोमियासारख्या जमिनीतल्या माश्यांना येते.

अमेरिकेत वॉशिंग्टन राज्यातले शेतकरी लसूणघासाच्या बियाण्यासाठी नोमियाच्या एका जातीला मुद्दाम जमीन राखून ठेवतात. जी माशी इथे रॉकेलने मारली जाते, तिच्या नात्यातलीला तिथे प्लॉट मिळतो.

ती चावते का?

नराला डंख नसतो. मादीला असतो, पण घराची राखण करण्यासाठी ती माणसाच्या अंगावर धावून येत नाही. मुठीत दाबली किंवा कपड्यात अडकली तरच ती डंख मारते आणि तो सहसा सौम्य असतो. ज्यांना कीटकदंशाची अ‍ॅलर्जी आहे त्यांनी मात्र अंतर ठेवावं. डंखानंतर सूज पसरली किंवा श्वास लागला तर लगेच दवाखाना गाठावा.

तुम्ही काय करू शकता?

फोटो काढताना चार गोष्टी टिपा: चेहरा, पाठ, पंखांच्या शिरा आणि बिळाचं तोंड. शेजारी एक रुपयाचं नाणं ठेवा, आकार कळतो. कोणत्या फुलावर होती, तारीख आणि गाव लिहा. असा फोटो आयनॅचरलिस्ट किंवा इंडिया बायोडायव्हर्सिटी पोर्टलवर टाकला तर अभ्यासकांच्या उपयोगी पडतो.

फुलोऱ्यात फवारणी शक्यतो टाळा. करावीच लागली तर माश्या घरी परतल्यावर, संध्याकाळी करा. धुऱ्याचा एखादा उघडा, कोरडा तुकडा न खणता, न जाळता राहू द्या.

अंगणातल्या भोकांसाठी तर काहीच करायची गरज नाही. काही आठवड्यांत ये-जा आपोआप थांबते. माती वरून सपाट दिसते, पण खाली पुढची पिढी वाढत असते. तिथे तेवढं रॉकेल ओतू नका.