पाठीमागचा वारा

वारा पाठीमागून असला की शिडाची नौका शांत वाटते, आणि धोका तिथेच असतो. लाटेने नौका जराशी वळली, की वारा शिडाच्या मागच्या कडेने उलट बाजूला शिरतो. मग शीड आणि त्याखालचा आडवा दांडा, म्हणजे बूम, क्षणार्धात दुसरीकडे झेपावतात. हा अपघाती जाइब. वाऱ्याकडे तोंड करून वळताना शीड फडफडते, जोर हरवते. इथे ते भरलेलेच पलटते. फटका फक्त बूमचाच बसतो असेही नाही. सप्टेंबर 2015 मध्ये पोर्तुगालजवळ क्लिपर शर्यतीत अशाच जाइबमध्ये शिडाच्या दोराचा तडाखा बसून एक खलाशी दगावला. म्हणून बूम पुढे ओढून धरणारा प्रिव्हेंटर दोर आधीच बांधावा, वारा किंचित तिरका घ्यावा आणि दोरांच्या टप्प्यात कुणी बसू नये.