‘स्वामी’ : पडद्यावर आणि घरांत

मान्यवर कादंबरीवरून दूरदर्शनची मालिका निघाली, कीं घरोघर दोन पक्ष पडतात. ज्यांनीं ग्रंथ आधीं वाचलेला असतो त्यांस प्रत्येक उणीव खुपते. ज्यांनीं वाचलेला नसतो त्यांस पडद्यावर दिसतें तेवढेंच खरें वाटतें. रणजित देसाई यांच्या ‘स्वामी’ (१९६२) या कादंबरीवरून गजानन जागीरदार यांनीं १९८० च्या दशकांत मालिका केली, तेव्हां आमच्या एकत्र कुटुंबांत हे दोन्ही पक्ष एकाच संचापुढें मांडीला मांडी लावून बसत. जागीरदारांनीं १९४४ सालीं प्रभातच्या बोलपटांत स्वतः रामशास्त्री रंगविले होते. त्याच शास्त्र्यांच्या धन्याची कथा उतारवयांत त्यांच्या हातीं यावी, हा योग आम्हांस मोठा रम्य वाटला.

राक्षसभुवनची लढाई (१७६३) पडद्यावर आणावयाची तर हजारों घोडीं हवींत. परंतु ‘स्वामी’चा जीव रणांगणावर नाहींच. तो मातोश्री गोपिकाबाईंच्या करारीपणांत, राघोबादादांच्या लोभांत आणि रमाबाईंशीं होणाऱ्या मितभाषणांत आहे. दोन माणसें, एक समई, एक न उच्चारलेला शब्द, एवढ्यावर प्रसंग उभा राहतो. आणि लहान पडद्यास एवढेंच पेलतें. रवींद्र मंकणी यांचे माधवराव आणि मृणाल देव (नंतरच्या कुलकर्णी) यांच्या रमाबाई घरांतील बायकामुलांस जवळच्या वाटल्या, त्याचें कारण हेंच.

पण याच जवळिकींत एक धोका आहे. शनिवारवाड्यांतील महाल १८२८ च्या आगींत जळाले. आज तेथें तट आणि जोतीं उरलीं आहेत. मालिकेनें तीं जोतीं पुन्हां सजविलीं आणि मुलांनीं तें चित्र इतिहास म्हणून मनांत ठेविलें. रमा-माधवांचा हळुवार अनुराग ही बव्हंशीं कादंबरीकाराची देणगी होय. इतिहासाच्या साधनांत रमाबाईंविषयींचा मजकूर फार थोडा सांपडतो. हें मुलांस कोणीं सांगावयाचें? दूरदर्शन तें सांगणार नाहीं, आणि सांगूं लागलें तर नाट्य बिघडेल. मग तें घरांतील वडीलधाऱ्यांकडेच येतें.

खरी कसोटी मात्र शेवटीं लागते. १८ नोव्हेंबर १७७२ रोजीं थेऊरास राजयक्ष्म्यानें माधवरावांचें देहावसान झालें आणि रमाबाई सती गेल्या. वाचक हीं पानें एकटा वाचतो, डोळे पुसतो. सहकुटुंब पाहणाऱ्यांपुढें हा प्रसंग आला म्हणजे शेजारीं दहा वर्षांची मुलगीहि बसलेली असते. त्याच दशकांत, सप्टेंबर १९८७ मध्यें, राजस्थानांतील देवराळा गांवीं एक तरुण विधवा चितेवर गेली. त्यापाठोपाठ सतीच्या उदात्तीकरणासहि गुन्हा ठरविणारा कायदा झाला. अशा काळीं ‘केवढें तें पातिव्रत्य’ एवढेंच म्हणून उठून जाणें आम्हांस बरें वाटत नाहीं, आणि तो भाग मुलांपासून चोरून ठेवणें तर त्याहून नाहीं.

थेऊरच्या चिंतामणीचें दर्शन घेऊन आम्ही सारे नदीकांठीं रमाबाईंच्या समाधीपाशीं गेलों होतों. आमच्या धाकट्या पुतणीनें आजीस विचारलें, “आजी, त्यांना जावंच लागलं का गं?” आम्ही शास्त्राधार आठवूं लागलों. आजीनें मात्र सरळ घराण्याचाच दाखला दिला. नानासाहेबांमागें गोपिकाबाई सती गेल्या नाहींत. सत्तावीस वर्षें जगल्या. नारायणरावांमागें गंगाबाई राहिल्या, म्हणून सवाई माधवराव जन्मले. आणि भाऊसाहेबांच्या पार्वतीबाई? पानिपतावर पति पडला हें त्यांनीं मानलेंच नाहीं. १७८३ पर्यंत, मरेतों, त्या सौभाग्यचिन्हें लेवून राहिल्या.

“मग त्यांची गोष्ट सांग,” पुतणी म्हणाली. ती गोष्ट हडपसर येईपर्यंत पुरली.