भर दरबारातली मयणासुंदरी

बंडखोर स्त्रीची ऐतिहासिक कादंबरी म्हटली, की मराठी वाचकाला श्री. ज. जोशी यांची ‘आनंदी गोपाळ’ हटकून आठवते. १९६८ साली प्रसिद्ध झालेल्या या कादंबरीने कल्याणची यमुना घराघरांत पोहोचवली. नवव्या वर्षी लग्न झालेली ही मुलगी पुढे १८८३ साली समुद्र ओलांडून अमेरिकेला गेली आणि १८८६ साली डॉक्टर झाली. व्यक्ती खरी, सनावळ्या खऱ्या, आणि त्यांच्या मधल्या रिकाम्या जागांतले संवाद कादंबरीकाराचे. जैन घरांमध्ये मात्र अशीच एक कथा कित्येक पिढ्यांपासून वर्षातून दोनदा वाचली जाते. तिला कोणी कादंबरी म्हणत नाही आणि तिच्या नायिकेला बंडखोर म्हणण्याचे तर कोणाच्या स्वप्नातही येत नाही. ती कथा श्रीपाल राजाची आणि त्याची पत्नी मयणासुंदरी हिची.

चैत्र आणि आश्विन महिन्यांत शुद्ध सप्तमीपासून पौर्णिमेपर्यंत आयंबिलाची ओळी असते. त्या नऊ दिवसांत ‘श्रीपाल राजानो रास’ वाचण्याची प्रथा श्वेतांबर संघांत आहे. दिगंबर परंपरेतही मैनासुंदरीची हीच कथा अष्टाह्निकेतल्या सिद्धचक्र विधानाशी जोडलेली आहे. तपशिलात फरक आहे, गाभा तोच. येथे रासातील कथेचा आधार घेतला आहे.

या रासाच्या जन्माची हकिकत ऐकण्यासारखी आहे. विक्रम संवत १७३८ मध्ये, म्हणजे इसवी सन १६८२ च्या सुमारास, सुरतेजवळच्या रांदेर येथे उपाध्याय विनयविजयजींनी तो रचावयास घेतला. साडेसातशेच्या आसपास कडवी झाली आणि त्यांचा देह पडला. उरलेला रास उपाध्याय यशोविजयजींनी पूर्ण केला. मूळ कथानक त्याहून तीनशे वर्षांनी जुने. रत्नशेखरसूरींची प्राकृत ‘सिरिसिरिवालकहा’ विक्रम संवत १४२८ ची आहे. कथेचा काळ मात्र याहूनही कितीतरी मागे, थेट मुनिसुव्रत स्वामींच्या युगात नेऊन ठेवलेला आहे. त्या युगातल्या पात्रांना कवीने जी बंदरे दिली, ती त्याच्या श्रोत्यांच्या ओळखीची आहेत. भरूच आहे, सोपारा आहे, आणि ठाणेही आहे. दूरच्या काळाला ओळखीच्या भूगोलात बसवायचे, हे काम ऐतिहासिक कादंबरीकार आजही करतो.

नवी मुंबईकरांना हा भूगोल अगदी उंबरठ्याजवळचा आहे. धवल शेठ श्रीपालाला कपटाने समुद्रात ढकलतो आणि नवपदाचे ध्यान करीत श्रीपाल मगरीच्या पाठीवरून कोकणच्या किनाऱ्याला लागतो, ते हे ठाणे बंदर. शिलाहारांच्या ताम्रपटांतले श्रीस्थानक ते हेच. मशीद बंदरचा दाण्याचा आणि मसाल्याचा घाऊक व्यापार तुर्भ्याच्या बाजार समितीत आला, तेव्हापासून हजारो व्यापारी वाशीच्या पुलावरून जी खाडी ओलांडतात, तीही ठाण्याचीच खाडी. ठाण्यात टेंभीनाक्यावर मुनिसुव्रत स्वामींचे जे मंदिर कोकण शत्रुंजय म्हणून ओळखले जाते, तेथे श्रीपाल-मयणेच्या जीवनातील प्रसंग कोरलेले आहेत. व्यापाऱ्यांच्या या कथेतला खलनायकही पाचशे गलबतांचा धनी असलेला एक शेठ आहे. पेढीवर बसणाऱ्या श्रोत्यांनी हे कधी मनावर घेतलेले दिसत नाही, हा त्यांचा मोठेपणा.

कथेचे बीज मात्र समुद्रात नाही. ते उज्जयिनीच्या दरबारात आहे.

माळव्याचा राजा प्रजापाल याला दोन राण्या आणि प्रत्येकीला एक मुलगी. सौभाग्यसुंदरीची सुरसुंदरी आणि रूपसुंदरीची मयणासुंदरी. दोघी शिकून तयार झाल्या, तेव्हा राजाने भर दरबारात त्यांची परीक्षा घेतली. पुण्याने काय मिळते, ही समस्या दोघींना दिली. सुरसुंदरीने धन, तारुण्य, चातुर्य, निरोगी देह आणि प्रियजनांचा मेळ अशी यादी दिली. मयणेने विनय, विवेक, मनाची प्रसन्नता, शील आणि मोक्षमार्ग सांगितले. येथवर सगळे ठीक होते. दरबार खूश, राजाही खूश. त्या खुशीतच राजा बोलून गेला, की प्रजेला सुखी वा दुःखी करणे माझ्या हाती आहे. मागा, काय हवे ते देतो.

सुरसुंदरीने ताबडतोब री ओढली. तिच्या लेखी जगाला जगवणारे दोघेच होते, एक मेघ आणि दुसरा राजा. दरबारात बसलेल्या एका राजपुत्रावर तिची नजर गेली होती, ती राजाने ओळखली आणि शंखपुरीच्या अरिदमनाशी तिचे लग्न ठरवून टाकले. मग तो मयणेकडे वळला. मयणेने नकारार्थी मान हलवली. सुख-दुःख देणारे कर्म आहे, आईबाप केवळ निमित्त आहेत. राजाच्या हाती हे सारे असते, तर त्याची सेवा करणारा एकही माणूस दुःखी राहिला नसता, असे तिचे म्हणणे. मागणे तर तिने काहीच मागितले नाही.

एका वयात आलेल्या मुलीने बापाला एकांतात नव्हे, तर चार लोकांत, त्याच्या मानकऱ्यांसमोर, तो उदार होण्याच्या ऐन क्षणी हे सुनावले. तिने बापाची आज्ञा मोडलेली नाही. तिने त्याचा हिशेब चुकीचा ठरवला आहे. जे तू तुझ्या नावे जमा धरतोस, ते तुझे नाही, एवढेच तिचे म्हणणे. आज्ञाभंग एक वेळ पोटात घालता येतो. हे सहन होणे कठीण. राजाला ते सहन झाले नाही.

आजच्या वाचकाची येथे पंचाईत होते. त्याच्या कल्पनेतली बंडखोर मुलगी आपल्या पसंतीचा नवरा निवडते. या कथेत पसंतीचा नवरा मिळतो तो सुरसुंदरीला, आणि तोही बापाची स्तुती करून. मयणेला तशीच निवड देऊ केली असता ती नाकारते. तिची लढाई निवडीच्या हक्कासाठी नाही. निवड ही बापाची मेहेरबानी म्हणून पदरात पाडून घ्यायला तिचा नकार आहे. ‘आनंदी गोपाळ’मधली आनंदी रूढीशी झगडते तेव्हा गोपाळराव तिच्यामागे उभे असतात, बऱ्याचदा तिला पुढे ढकलत असतात. मयणेच्या पाठीशी त्या दरबारात कोणी नाही. तिची आईसुद्धा नाही.

पुढचे सर्वांना ठाऊक आहे. संतापलेला राजा फेरफटक्यास निघतो, सातशे कुष्ठरोग्यांचा जथा समोर येतो, त्यांच्या म्होरक्यासाठी, उंबर राण्यासाठी, ते वधू मागतात आणि राजा मयणेला देऊन टाकतो. घे तुझे कर्म, असा त्याचा आविर्भाव. उंबर राणा स्वतः नको म्हणतो. मयणा त्याचा हात धरते. खेचरावर बसून ते दोघे गावातून निघतात, तेव्हा लोक बोलू लागतात. कोणी राजाला नावे ठेवतो, कोणी आईला, कोणी शिकवणाऱ्या गुरूला, कोणी मुलीला, आणि कोणी तिच्या धर्मालाही. गावगप्पांचे इतके हुबेहूब वर्णन जुन्या वाङ्मयात क्वचित सापडते. आजही एखाद्या घरची मुलगी चाकोरीबाहेर पाऊल टाकते, तेव्हा समाजाच्या जेवणावळीत दोष याच क्रमाने वाटला जातो.

त्या रात्री उंबर राणा तिला पुन्हा समजावतो, की अजून वेळ गेलेली नाही. ती ऐकत नाही. सकाळी दोघे ऋषभदेवांच्या मंदिरात जातात, मुनिचंद्रसूरी सिद्धचक्राची आराधना सांगतात, आणि नवव्या दिवशी स्नात्राच्या जलाने श्रीपालाची काया कांचनासारखी होते.

याच ठिकाणी कथेचा रंग बदलला जातो. रासात नव्हे, ती सांगण्यात. व्याख्यानांत, बालपाठशाळेच्या पुस्तकांत, महिला मंडळांच्या नाटिकांत मयणा प्रामुख्याने दिसते ती पतीची सेवा करणारी म्हणून. बाप देईल तो नवरा तिने मुकाट्याने स्वीकारला, असे मुलींना सांगितले जाते. सेवा खोटी नाही. पण ती मुकाट कधीच नव्हती. मुकाट राहिली असती, तर तिला एखादा राजपुत्रच मिळाला असता. कुष्ठरोगी पती ही तिच्या बोलण्याची शिक्षा होती. शिक्षा लक्षात ठेवायची आणि ज्यासाठी ती झाली ते विसरायचे, ही वाचनाची रीत सोयीची आहे, प्रामाणिक नाही.

रासकारांना तिच्याभोवतीचे संशयाचे वारे चांगले ठाऊक होते. त्यांनी एक विलक्षण प्रसंग ठेवला आहे. मंदिरात रूपसुंदरी आपल्या मुलीला एका देखण्या तरुणासोबत पाहते. रोगी नवऱ्याला सोडून मुलीने दुसरा गाठला, असे समजून ती आई रडू लागते, आपल्या कुशीला दोष देऊ लागते. मुलीला काही विचारण्याआधीच रडते. खरा प्रकार मयणेला स्वतःच सांगावा लागतो.

बापाने काय दिले आणि मुलीचे मुळात काय होते, हा प्रश्न व्यापारी घरांत केवळ धर्मचर्चेचा उरलेला नाही. १९५६ चा हिंदू वारसा कायदा जैनांनाही लागू आहे. महाराष्ट्राने १९९४ साली अविवाहित मुलीला एकत्र कुटुंबाच्या मिळकतीत सहदायिकाचा हक्क दिला. ९ सप्टेंबर २००५ पासून केंद्राच्या दुरुस्तीने विवाहित-अविवाहित हा भेद संपला, आणि हा हक्क जन्माने आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑगस्ट २०२० रोजी निःसंदिग्धपणे सांगितले. तरीही वडिलांच्या पश्चात दुकानाच्या गाळ्याचे वा राहत्या घराचे कागद सरळ करण्याची वेळ येते, तेव्हा बहिणीसमोर हक्कसोडपत्र येते. ती सही करते, कारण माहेर टिकवायचे असते. सही केली की ती समजूतदार ठरते; कागद वाचायला मागितला तर घरात शांतता पसरते. सही करूच नये, असे कोणी म्हणत नाही. भावाला मनापासून द्यायचे असेल, तर बहिणीने अवश्य द्यावे. पण देणारी ती आहे, एवढी नोंद तरी योग्य खात्यात व्हायला हवी. मयणेचा आग्रह हाच होता.

बाप राजा प्रजापालासारखाच असतो, असेही नाही. मुंबईचे मोत्यांचे मोठे व्यापारी दानवीर शेठ माणिकचंद हिराचंद जव्हेरी यांची कन्या मगनबाई तरुण वयात विधवा झाली. त्या काळच्या रीतीप्रमाणे तिने घराच्या कोपऱ्यात उरलेले आयुष्य काढायचे होते. माणिकचंदांनी तिच्या हाती पुस्तके दिली. मगनबाईंनी पुढे श्राविकाश्रम उभा केला, विधवांना आणि निराधार स्त्रियांना शिकवले, आणि दिगंबर जैन महिला परिषदेच्या कामात स्वतःला झोकून दिले. विधवेने गावोगाव फिरावे, सभेत बोलावे, हे मानवणारा तो काळ नव्हता. या बापलेकींवर मराठीत एक चांगली कादंबरी व्हायला हवी. विषय मोठा आहे आणि त्यातला बाप पाहण्यासारखा आहे.

रासातल्या बापाला कळायला वेळ लागला. बरा झालेला श्रीपाल उज्जयिनीत राजाचा जावई म्हणून ओळखला जाऊ लागला, हे त्याच्या मनाला लागले आणि तो स्वकष्टाने मिळवण्यासाठी परदेशी निघाला. मयणा सासूपाशी राहिली. भरूच, रत्नद्वीप, ठाणे असा फिरत, वैभव मिळवीत तो परतला, तो सैन्यासह. शत्रूचा वेढा पडला, असे समजून उज्जयिनी घाबरली. राजाने कोणत्या अटीवर शरण यावे, असे श्रीपालाने मयणेला विचारले. पिढ्यान्‌पिढ्या पतिव्रता म्हणून दाखवल्या गेलेल्या या मुलीने सांगितले, की बापाने खांद्यावर कुऱ्हाड घेऊन यावे. ती शरणागतीची खूण. पुन्हा कोणी धर्माची हेटाळणी करू नये, एवढेच कारण तिने दिले. निरोप गेला आणि माळव्याचा राजा कुऱ्हाड घेऊन आला. श्रीपालाने ती खाली ठेवायला लावली आणि त्याला मानाने बसवले. समोर कोण उभे आहे, हे राजाला तेव्हा कळले.

मग आनंदाप्रीत्यर्थ नाटक सुरू करण्याचा हुकूम झाला. नटमंडळी तयार होती; पण मुख्य नटी काही केल्या उठेना. उठली तेव्हा तिला रडू आवरेना. ती सुरसुंदरी होती. वाजतगाजत सासरी निघालेली ही राजकन्या शंखपुरीच्या वेशीबाहेर मुक्कामी असताना दरोडा पडला, अरिदमन तिला टाकून पळाला, आणि ती विकली जात जात नाचणाऱ्यांच्या ताफ्यात आली होती. बापाने दिलेला सगळा थाट एका रात्रीत गेला होता. आपल्या आईबापांना आणि बहिणीला समोर पाहून तिने हे सगळे भर सभेत सांगितले. मयणा खरे बोलली होती, हेही तिनेच सांगितले. श्रीपालाने अरिदमनाला बोलावून आणले आणि पुष्कळ संपत्ती देऊन सुरसुंदरीची दुसऱ्यांदा पाठवणी केली, या वेळी तिच्या बहिणीच्या घरून.